फुटबॉलपटू नेव्हिल डिसोझा : एक विसरलेले नाव

आपल्या सोसायटीच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून द्या, असा संपादक मंडळाचा निरोप आला, तेव्हा विषय शोधायला लांब जावे लागले नाही. संध्याकाळ झाली की आपल्या मोकळ्या जागेत पोरांचा फुटबॉल सुरू होतो. अंगातल्या जर्सीवर मेस्सी, रोनाल्डो, एम्बाप्पे, आणि हल्ली स्पेनचा तो कोवळा यमाल. बार्सिलोनाचा सामना असला की रात्री दीड-दोनपर्यंत कितीतरी घरांत टीव्ही चालू. यात वाईट काही नाही. चांगला खेळ कुठलाही असो, बघावा. पण ऑलिंपिकच्या एकाच सामन्यात तीन गोल करणारा पहिला आशियाई खेळाडू भारतीय होता, आणि तो आपल्या मुंबईत खेळणारा होता, हे त्या पोरांतल्या एकालाही माहीत नाही. दोष पोरांचा नाही. त्यांच्या बापांना आणि आजोबांनाही ते माहीत नसते.

त्या माणसाचे नाव नेव्हिल डिसोझा. त्यांच्याबद्दल चार गोष्टी या निमित्ताने सांगतो.

नेव्हिल यांचा जन्म ३ ऑक्टोबर १९३२ चा, एका गोमंतकीय ख्रिस्ती कुटुंबातला. त्या काळात गोवा पोर्तुगीजांच्या ताब्यात होता आणि गोव्याची माणसे पोटापाण्यासाठी मुंबईला यायची. कोणी बोटीवर खलाशी, कोणी हॉटेलात आचारी, कोणी बँडमध्ये वाजवणारा, तर शिकलेला असेल तो कंपनीच्या ऑफिसात कारकून. धोबी तलाव, माझगाव, वांद्रे या भागांत त्यांची वस्ती. एकेका गावाच्या लोकांनी मिळून चालवलेली राहण्याची सामायिक जागा असायची, तिला कूड म्हणत. आपल्या खानदेशातला माणूस मुंबईला गेला की गाववाल्याच्या खोलीवर उतरतो, तसलाच प्रकार. या वस्त्यांमध्ये चर्च आणि चर्चच्या शाळा होत्या, शाळांना मैदाने होती आणि मैदानांवर फुटबॉल आणि हॉकी. आपल्याकडे पोराच्या हातात जशी बॅट येते, तसा तिकडच्या पोराच्या पायात चेंडू यायचा.

मुंबईच्या फुटबॉलचा तो बहराचा काळ होता, हे आज सांगून कोणाला खरे वाटणार नाही. पाऊस सुरू झाला की क्रिकेट बंद आणि फुटबॉल सुरू. कुपरेजच्या मैदानावर चिखलात हारवुड लीगचे सामने व्हायचे. रोव्हर्स कप ही स्पर्धा तर १८९१ सालापासूनची, इंग्रजांच्या पलटणींनी सुरू केलेली. तिच्यासाठी कलकत्ता आणि हैदराबादचे नामांकित संघ मुंबईला यायचे. १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे हा कप हैदराबाद पोलीस संघाने नेला. १९५४ साली मुंबईच्या संघाने संतोष ट्रॉफी, म्हणजे राष्ट्रीय अजिंक्यपद, पहिल्यांदा जिंकले.

हा सगळा फुटबॉल नोकरदारांचा होता. हे आजच्या मुलांना मुद्दाम समजावून सांगावे लागते. टाटा, कॅलटेक्स, बर्मा शेल, रेल्वे, पोलीस, लष्कर अशा ठिकाणी खेळाडूंना नोकरी मिळायची आणि ते त्या संघाकडून खेळायचे. पगार नोकरीचा. खेळाचा म्हणून वेगळा पैसा जवळजवळ नाहीच. फार तर सरावासाठी ऑफिसातून लवकर सुटका आणि बाहेरगावी सामना असला तर रजा. बँकांमध्येही पुढे अशी भरती व्हायची. आमच्या बँकेत अशी दोन-तीन माणसे होती. सकाळी काउंटर सांभाळायची आणि दुपारनंतर मैदानावर जायची. खेळाडू मोठा असला तरी महिन्याच्या एक तारखेची वाट तो आपल्यासारखीच बघायचा.

नेव्हिल डिसोझा याच पद्धतीत तयार झाले. टाटा आणि कॅलटेक्स या कंपन्यांच्या संघांकडून ते खेळले. जागा पुढची, म्हणजे फॉरवर्डची. त्याच काळात युरोपात काय चालले होते ते बघा. १९५६ च्या जूनमध्ये पॅरिसला रेआल माद्रिदने फ्रान्सच्या रँस संघाला ४-३ असे हरवून युरोपियन कप जिंकला. ती त्या स्पर्धेची पहिलीच खेप. माद्रिदच्या पुढच्या फळीत डी स्टेफानो होता आणि डाव्या बाजूला वाऱ्यासारखा पळणारा खेन्तो. ते सगळे पूर्णवेळ व्यावसायिक खेळाडू. त्याच वर्षी भारताच्या पुढच्या फळीत खेळायला निघालेले आपले लोक कोण होते? कोणी कंपनीतला, कोणी रेल्वेतला, कोणी पोलिसातला. पी. के. बॅनर्जी ईस्टर्न रेल्वेत. गोलकीपर पीटर थंगराज लष्करात. दुसरा गोलकीपर एस. एस. नारायण मुंबईच्या मैदानांवर घडलेला. आणि संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम, ते मूळचे हैदराबादचे शिक्षक. त्यांना सगळे रहीम साहेब म्हणत. अजय देवगणचा मैदान नावाचा सिनेमा २०२४ साली आला, तो यांच्यावरच. काहींनी पाहिला असेल.

मेलबर्नची गोष्ट सांगण्याआधी थोडा मागचा हिशेब मांडावा लागेल, नाहीतर त्या तीन गोलांची किंमत कळणार नाही.

स्वातंत्र्यानंतर लगेच, १९४८ साली, लंडन ऑलिंपिकला आपला संघ गेला. बहुतेक खेळाडू अनवाणी. फ्रान्ससारख्या संघाविरुद्ध आपण फक्त २-१ ने हरलो आणि त्यातही दोन पेनल्टी वाया घालवल्या. तिथल्या लोकांना अनवाणी खेळणाऱ्यांचे मोठे कौतुक वाटले. १९५१ साली दिल्लीत पहिल्या आशियाई स्पर्धा झाल्या, तिथे इराणला १-० ने हरवून आपण सुवर्णपदक घेतले. पण पुढच्याच वर्षी हेलसिंकी ऑलिंपिकला युगोस्लाव्हियाने आपल्याला १०-१ असे धुतले. थंडी आणि ओले मैदान, त्यात पुन्हा बरेच जण बुटांशिवाय. कौतुक संपले आणि डोळे उघडले. त्यानंतर बूट घालून खेळणे सक्तीचे झाले.

अनवाणी खेळायची सवय असलेल्या माणसाला बूट घालणे ही साधी गोष्ट नाही बरं का. चेंडू पायाला लागतो तो स्पर्शच बदलतो. ती सवय बदलायला रहीम साहेबांनी मेहनत घेतली. त्यातच आपल्याकडचे सामने नव्वद मिनिटांपेक्षा कमी वेळाचे असायचे, म्हणून शेवटच्या वीस मिनिटांत आपल्या खेळाडूंचा दम संपायचा. त्या वेळी बदली खेळाडू घ्यायचीही सोय नव्हती. अकरा जण उतरले की तेच अकरा शेवटपर्यंत. रहीम साहेब दुसरे काय करत असतील, तर जगात काय चालले आहे ते बारकाईने बघत. १९५३ साली हंगेरीने इंग्लंडला त्यांच्याच वेम्बली मैदानावर ६-३ ने हरवले. हंगेरीने आपला मधला फॉरवर्ड नेहमीच्या जागेवरून मागे ओढला आणि इंग्लंडच्या बचावाला कोणाला धरायचे हेच कळेना. हा धडा रहीम साहेबांनी चांगला गिरवला. नुसते चेंडू पुढे मारून पळायचे दिवस गेले, छोटे पास आणि जागांची अदलाबदल पाहिजे, हे त्यांनी आपल्या पोरांच्या अंगी बाणवले. नेव्हिल डिसोझांसारखा गोलसमोर चलाख असणारा माणूस अशा खेळात फार उपयोगी पडतो.

आता १९५६. जगात त्या वर्षी मोठी उलथापालथ चालू होती. हंगेरीत उठाव झाला आणि रशियाचे रणगाडे बुडापेस्टमध्ये शिरले. सुएझ कालव्यावरून इजिप्तवर हल्ला झाला. त्याचा परिणाम मेलबर्नच्या ऑलिंपिकवर झाला. हंगेरीवरच्या आक्रमणाच्या निषेधार्थ स्पेन, हॉलंड आणि स्वित्झर्लंड आलेच नाहीत. सुएझमुळे इजिप्त, इराक, लेबनॉन आले नाहीत. फुटबॉलमध्ये शेवटी अकराच संघ उरले. भारताची पहिली गाठ हंगेरीशी होती. हंगेरीच्या फुटबॉल संघाने माघार घेतली आणि आपण न खेळताच उपांत्यपूर्व फेरीत गेलो. यावरून काही लोक म्हणतात, नशिबाने चौथे आले. त्याचे उत्तर पुढच्या सामन्यांत आहे.

आपल्याकडेही ते वर्ष साधे नव्हते. १ नोव्हेंबर १९५६ ला महाराष्ट्र आणि गुजरात एकत्र ठेवून मोठे द्विभाषिक मुंबई राज्य झाले होते. संयुक्त महाराष्ट्राच्या मागणीने सगळीकडे वातावरण तापलेले. आपला जळगाव जिल्हा तेव्हा पूर्व खानदेश म्हणून ओळखला जायचा आणि धुळे पश्चिम खानदेश. मुंबईची वर्तमानपत्रे रेल्वेने यायची. रेडिओ गावात एखाद्याकडेच. अशा वेळी ऑस्ट्रेलियात फुटबॉलमध्ये काय झाले, हे इथे कोणाच्या कानावर येणार?

१ डिसेंबर १९५६. मेलबर्नचे ऑलिंपिक पार्क मैदान. समोर यजमान ऑस्ट्रेलिया, ज्यांनी आधीच्या फेरीत जपानला २-० ने हरवले होते. भारताचे कर्णधार समर ऊर्फ बद्रू बॅनर्जी. मैदानावरच्या माणसाला एकेरीतच हाक मारायची आपली रीत आहे, म्हणून या सामन्यापुरता नेव्हिललाही एकेरीत घेतो.

सामना सुरू होऊन नऊ मिनिटे झाली होती. बद्रू बॅनर्जीचा फटका गोलच्या खांबाला लागून परत आला आणि नेव्हिलने तो डोक्याने आत घातला. भारत १-०. ज्यांनी फुटबॉल खेळलेला नाही त्यांना वाटेल, यात काय विशेष, आयता चेंडू मिळाला. पण खांबाला लागून चेंडू कुठे पडेल हे कोणालाच आधी माहीत नसते. दुसऱ्याने फटका मारला की बाकीचे दहा जण बघत उभे राहतात. चांगला फॉरवर्ड मात्र चेंडू परत येणार असे धरून आधीच निघालेला असतो. दहापैकी नऊ वेळा त्याचे ते पळणे फुकट जाते आणि ते कोणाच्या लक्षातही येत नाही. दहाव्या वेळी गोल होतो आणि लोक म्हणतात, नशीबवान आहे.

सतराव्या मिनिटाला ऑस्ट्रेलियाच्या ब्रूस मॉरोने बरोबरी केली. तेहतिसाव्या मिनिटाला नेव्हिलने दुसरा गोल केला, २-१. एकेचाळिसाव्या मिनिटाला पुन्हा मॉरो, २-२. मध्यंतराला असे बरोबरीचे खाते. यजमान संघ दोनदा मागे पडून दोनदा वर आलेला. अशा वेळी पाहुण्या संघाचा धीर सुटतो. पण दुसरा डाव सुरू होऊन पाच मिनिटे होतात न होतात, तोच पन्नासाव्या मिनिटाला नेव्हिलचा तिसरा गोल. ३-२. हॅट्ट्रिक! क्रिकेटमध्ये तीन चेंडूंवर तीन बळी घेतले की आपण जसे उड्या मारतो, फुटबॉलमध्ये एका सामन्यात तीन गोल म्हणजे तसेच. ऑलिंपिकमध्ये असे करणारा आशिया खंडातला तो पहिला माणूस. ऐंशीव्या मिनिटाला किट्टूने चौथा गोल केला आणि भारत ४-२ ने जिंकला. ऑलिंपिक फुटबॉलच्या उपांत्य फेरीत जाणारा भारत हा आशियातला पहिला देश ठरला.

ऑस्ट्रेलियाला हरवणे हा योगायोग असेल असे वाटणाऱ्यांसाठी एक आकडा देतो. ऑलिंपिक संपल्यावर, १२ डिसेंबरला, सिडनीला याच दोन देशांचा आणखी एक सामना झाला. तो भारताने ७-१ ने जिंकला. वाचकहो, सात-एक! छपाईची चूक नाही ही.

उपांत्य सामना ४ डिसेंबरला, मेलबर्नच्या त्या प्रसिद्ध क्रिकेट मैदानावर. समोर युगोस्लाव्हिया. म्हणजे ज्यांनी चारच वर्षांपूर्वी दहा गोल मारले होते तेच. आदल्या फेरीत त्यांनी अमेरिकेला ९-१ असे चिरडलेले. हा सामना आपल्यासाठी काय होता ते ध्यानात घ्या. पहिला डाव संपला तेव्हा फळ्यावर ०-० होते. दहा गोल खाणाऱ्या देशाने त्याच संघाला पंचेचाळीस मिनिटे एकही गोल करू दिला नाही. आणि बावन्नाव्या मिनिटाला गोल झाला तो भारताचा. करणारा पुन्हा नेव्हिल डिसोझा. भारत १, युगोस्लाव्हिया ०.

भारतीय फुटबॉलच्या सगळ्या इतिहासात याहून उंच क्षण आलेला नाही, असे माझे मत आहे. ऑलिंपिकची अंतिम फेरी अडतीस मिनिटांवर होती. ती आघाडी दोनच मिनिटे टिकली. चौपन्नाव्या मिनिटाला पापेचने बरोबरी केली, सत्तावन्नाव्याला वेसेलिनोविचने दुसरा गोल, पासष्टाव्याला पुन्हा पापेच. शेवटी आपल्याच सलामच्या पायाला लागून चेंडू आपल्या गोलमध्ये गेला. ४-१. तेरा मिनिटांत तीन गोल झाले तिथे सामना हातातून गेला. दम, अनुभव, मोठ्या सामन्यांची सवय, सगळ्यांतच ते पुढे होते. युगोस्लाव्हियाने १९४८, १९५२ आणि १९५६ अशी लागोपाठ तीन रौप्यपदके घेतली आणि १९६० ला सुवर्ण. अशा संघाविरुद्ध आपण पुढे होतो. दोन मिनिटे का होईना, होतो.

कांस्यपदकाचा सामना ७ डिसेंबरला बल्गेरियाशी झाला. बल्गेरियाने ग्रेट ब्रिटनला ६-१ ने हरवलेले होते. आपण ०-३ ने हरलो. चौथा क्रमांक. पदक नाही.

आता तारखा नीट बघा. ६ डिसेंबर १९५६ ला भारताच्या हॉकी संघाने पाकिस्तानला १-० ने हरवून सुवर्णपदक राखले. त्याच दिवशी पहाटे दिल्लीत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे महापरिनिर्वाण झाले. ७ तारखेला दादरच्या चौपाटीवर त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले, लाखोंचा जनसागर लोटला. मुंबईचा एक मुलगा मेलबर्नला कांस्यपदकासाठी धावत होता, त्याच दिवशी सारी मुंबई आणि सारा महाराष्ट्र बाबासाहेबांच्या शोकात बुडालेला होता. अशा दिवशी चौथ्या क्रमांकाच्या फुटबॉलची बातमी कोण वाचणार? आणि ज्याला खेळाची बातमी हवी होती त्याच्यासाठी हॉकीचे सुवर्ण होतेच. नेव्हिल डिसोझा विसरले गेले त्याचे पहिले कारण हे आहे. यात कोणाचा अपराध नाही. दिवसच तसे होते.

स्पर्धा संपली तेव्हा सर्वांत जास्त गोल करणारे तीन जण होते, प्रत्येकी चार गोल. युगोस्लाव्हियाचा वेसेलिनोविच, बल्गेरियाचा मिलानोव आणि भारताचा डिसोझा. इतर दोघांच्या गळ्यात पदक पडले, रौप्य आणि कांस्य. आपला माणूस रिकाम्या गळ्याने मुंबईला परत आला आणि पुन्हा कंपनीच्या संघातून खेळू लागला.

पुढची हकीकत थोडक्यात सांगण्यासारखी आहे, कारण पुढे मोठे असे फारसे झालेच नाही. १९५८ साली कॅलटेक्सने रोव्हर्स कप जिंकला. नेव्हिल यांचे भाऊ डेरेक हेही चांगले फॉरवर्ड होते आणि तेही भारताकडून खेळले. १९६१ साली सरकारने अर्जुन पुरस्कार सुरू केला. फुटबॉलमधला पहिला पी. के. बॅनर्जींना मिळाला, दुसऱ्या वर्षी तुलसीदास बलराम यांना. दोघेही मेलबर्नच्या संघातले, दोघेही थोर खेळाडू, त्यांच्याबद्दल दुमत नाही. पण नेव्हिल डिसोझा यांचे नाव त्या यादीत पुढे कधीच आले नाही. पद्म पुरस्कारही नाही. १९६१ च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला, तेव्हा त्यांचे वय एकोणतीस. म्हणजे ज्या मातीतून त्यांचे घराणे आले ती माती भारतात येण्याआधीच हा माणूस भारतासाठी खेळून मोकळा झाला होता. याचीही कोणी दखल घेतलेली दिसत नाही.

१६ सप्टेंबर १९८० ला नेव्हिल डिसोझा यांचे निधन झाले. वयाची अठ्ठेचाळीस वर्षेही पूर्ण झाली नव्हती. मी त्या सुमारास बदलीवर मुंबईत होतो. शाखा बंद झाल्यावर कधीमधी कुपरेजवर सामना बघायला जायचो. शाखेतल्या एका गोवेकर सहकाऱ्याकडून हे नाव मी पहिल्यांदा ऐकले, ते त्यांच्या मृत्यूनंतर. तोवर मला वाटायचे की भारताचा फुटबॉल म्हणजे कलकत्ता. माझ्यासारखेच अनेकांना वाटत असणार, आणि हे त्यांच्या विस्मरणाचे दुसरे कारण. कलकत्त्याला आपल्या खेळाडूची आठवण ठेवणारे लाखो लोक आहेत, मोहन बागान आणि ईस्ट बंगालसारखे जुने क्लब आहेत. मुंबईचे संघ कंपन्यांचे. कंपनीचे नाव बदलते, ती विकली जाते, खेळाचा विभाग बंद होतो. तेल कंपन्या सरकारने ताब्यात घेतल्या तेव्हा कॅलटेक्स हे नावही गेले. संघच राहिला नाही तर त्या संघाच्या माणसाची तसबीर लावणार कुठे? रोव्हर्स कपसुद्धा या शतकाच्या सुरुवातीला बंद पडला.

तिसरे कारण मला जास्त टोचते. आपण फक्त पदक लक्षात ठेवतो. बरे, तसेही नाही. मिल्खासिंग १९६० ला रोममध्ये चौथे आले, पी. टी. उषा १९८४ ला लॉस एंजलिसला चौथी, दीपा कर्माकर २०१६ ला रिओला चौथी. या तिघांचे चौथेपण सगळ्या देशाला पाठ आहे आणि ते योग्यच आहे. मग १९५६ च्या अकरा जणांनी काय कमी केले होते? एकट्याची धाव डोळ्यांसमोर राहते, संघाची मेहनत सगळ्यांत वाटली जाते आणि शेवटी कोणाच्याच नावावर जमा होत नाही. आपले खाशाबा जाधव घ्या. १९५२ ला हेलसिंकीला कुस्तीत कांस्यपदक आणले, स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक पदक. त्यांनाही जिवंतपणी केंद्र सरकारचा पुरस्कार मिळाला नाही, अर्जुन मिळाला तो मृत्यूनंतर बऱ्याच वर्षांनी. पण निदान महाराष्ट्राने त्यांचे नाव जपले. नेव्हिल डिसोझांसाठी तेवढेही झाले नाही.

मेलबर्ननंतर भारताच्या फुटबॉलचे काय झाले तेही सांगितले पाहिजे. १९६० ला रोमला आपण खेळलो, ते आजपर्यंतचे शेवटचे ऑलिंपिक. १९६२ ला जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत कोरियाला २-१ ने हरवून रहीम साहेबांच्या पोरांनी सुवर्ण आणले. साहेब तेव्हा कर्करोगाने आजारी होते. जून १९६३ मध्ये ते गेले आणि त्यांच्याबरोबर ती शिस्तही गेली. उलट जपान बघा. १९५६ ला ऑस्ट्रेलियाकडून पहिल्याच फेरीत हरलेला जपान. त्यांनी १९६० साली जर्मनीहून डेटमार क्रॅमर नावाचा प्रशिक्षक आणला, शाळा-कॉलेजांपासून पाया घातला आणि १९६८ ला मेक्सिकोत ऑलिंपिकचे कांस्यपदक घेतले. त्यांच्या कामामोतोने त्या स्पर्धेत सात गोल केले. पुढे १९९३ ला त्यांनी व्यावसायिक लीग काढली आणि १९९८ पासून ते प्रत्येक विश्वचषकात खेळताहेत. एके काळी आपण त्यांच्या पुढे होतो. मुद्दल आपल्याकडे होते. ते आपण गुंतवले नाही, नुसते पडू दिले. चाळीस वर्षे बँकेत काढलेल्या माणसाला ही उपमा सुचणारच, समजून घ्या.

त्या संघातले बहुतेक जण आता आपल्यात नाहीत. पी. के. बॅनर्जी २०२० साली गेले, एस. एस. नारायण २०२१ ला, कर्णधार बद्रू बॅनर्जी २०२२ ला, बलराम २०२३ ला. नेव्हिल तर कधीच गेले. प्रत्यक्ष बघितलेले सांगणारे कोणी उरत नाही, तेव्हा ऐकलेले सांगणाऱ्यांनी सांगत राहावे लागते. म्हणून हा लेख.

आता थोडे आपल्या घरचे. सोसायटीला पंचवीस वर्षे झाली. आपण लावलेली झाडे मोठी झाली आणि ती लावणारे आपण म्हातारे झालो. मोकळ्या जागेत पेव्हर ब्लॉक टाकून पार्किंग करावे, अशी सूचना गेल्या सर्वसाधारण सभेत आली होती. गाड्या वाढल्या, अडचण खरी आहे, सूचना करणाऱ्या सभासदांबद्दल माझ्या मनात काही नाही. पण एवढे लक्षात घ्या की मुंबईला कुपरेज होते आणि चर्चच्या शाळांची मैदाने होती म्हणून त्या शहरातून ऑलिंपिकचा खेळाडू निघाला. जळगावच्या शिवतीर्थावर काय किंवा धुळ्याच्या गरुड मैदानावर काय, सभा आणि प्रदर्शने सोडून पोरांच्या वाट्याला किती दिवस येतात ते आपण बघतोच. आपली जागा लहान आहे, पण ती रोज संध्याकाळी पोरांच्या हक्काची आहे. चेंडू लागून एखादी काच फुटते, कुंडी पडते, आपण ओरडतो. ओरडावे. पण जागा काढून घेऊ नये, अशी माझी सर्व सभासदांना विनंती आहे. गाड्यांसाठी रस्त्याच्या बाजूने आखणी करता येईल. त्याचा एक साधा नकाशा मी कार्यकारिणीकडे दिला आहे.

आणखी एक. दर वर्षी गणपतीत मुलांचे फुटबॉल सामने होतात, त्यात सर्वांत जास्त गोल करणाऱ्या मुलाला किंवा मुलीला आपण एक कप देतो. यंदापासून त्या कपाला नेव्हिल डिसोझा यांचे नाव द्यावे असे मी सुचवतो. कपाचा खर्च माझ्याकडे. देताना मुलांना एवढेच सांगावे की ऑलिंपिकमध्ये चार गोल करून हा माणूस पदकाविना परत आला आणि दुसऱ्या मोसमात पुन्हा खेळायला उतरला. बाकीचे मुले आपणहून शोधतील. मोबाइल त्यांच्या हातात आहेच.